हमीदा बानूचे हात

४ मे २०२४, शनिवार. मतदानासाठी मंगरुळपीरला घरी आलो होतो आणि पुढचे काही दिवस तिथूनच ऑफिसचं काम करत होतो. सकाळी लॅपटॉप उघडला तर गुगलच्या पानावर एका महिला पहिलवानाचं चित्र. क्लिक केलं. हमीदा बानू. भारतातली पहिली व्यावसायिक महिला पहिलवान अशी जिची ओळख सांगितली जाते, ती. १९५४ साली बडोद्यात तिने बाबा पहिलवानाला अवघ्या १ मिनिट ३४ सेकंदांत चीत केलं होतं. त्या कुस्तीची आठवण म्हणून ते चित्र होतं.

मी काय केलं असेल ते तुम्ही ओळखलंच असेल. स्क्रीनशॉट काढला, वर ‘आपली हमीदा’ असं लिहिलं आणि खानदानाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला. पाच मिनिटांत अंगठे, हृदयं आणि ‘माशाअल्लाह’ सुरू झालं. एका चुलतभावाने लिहिलं, ‘मुस्लिम बाई म्हणजे घरात कोंडलेली, असं म्हणणाऱ्यांना हे दाखवा.’ मलाही छान वाटलं.

मग फुफीच्या मुलीचा मेसेज आला. ती अकोल्यात फिजिओथेरपिस्ट आहे. हाड मोडलेली माणसं रोज तिच्यासमोर येतात. तिने एवढंच लिहिलं: ‘भाईजान, आगे भी पढो. उसके हाथ किसने तोडे?’

त्यावर ग्रुपमध्ये कुणी काही बोललं नाही. मीही नाही. दुपारी कुणीतरी कुणाच्या तरी निकाहचं कार्ड टाकलं आणि विषय वाहून गेला. माझ्या मनातून मात्र तो गेला नाही. आपण ज्या बाईचा विजय ‘आपला’ म्हणून मिरवतो, तिला झालेली मारहाण आपली का नसते? त्या प्रश्नावरच हा लेख आहे.

पोस्टरवर जे छापलं होतं

हमीदा मूळची मिर्झापूरची, घरात कुस्तीची परंपरा असलेली. अलीगढला येऊन ती सलाम पहिलवान यांच्याकडे शिकली. तिची कमाई आणि कीर्ती मात्र मोठ्या प्रमाणात आपल्या मुलखातली, म्हणजे तेव्हाच्या मुंबई राज्यातली. १९४४ साली मुंबईत गुंगा पहिलवानाशी तिची कुस्ती ठरली, तेव्हा सुमारे २० हजार लोक जमले होते. प्रतिस्पर्ध्याने ऐनवेळी जास्त पैसे आणि जास्त वेळ मागितला, कुस्ती रद्द झाली आणि चिडलेल्या लोकांनी स्टेडियमची मोडतोड केली.

१९५४ च्या फेब्रुवारीत तिच्या नावाने एक आव्हान जाहीर झालं: मला कुस्तीत हरवा, मी तुमच्याशी लग्न करीन. पतियाळाचा एक आणि कोलकात्याचा एक, असे दोन नामवंत तिने हरवले. तिसऱ्या कुस्तीसाठी ती मे महिन्यात बडोद्याला पोहोचली. टांग्यांवर तिची पोस्टरं लागली होती. तिथल्या महाराजांचा आश्रय असलेला छोटे गामा पहिलवान बाईशी लढणार नाही म्हणून मागे फिरला आणि बाबा पहिलवान पुढे आला. पुढचं १ मिनिट ३४ सेकंदांचं सगळ्यांना माहीत आहे.

वर्तमानपत्रांनी तिचं सगळं मोजून छापलं. उंची ५ फूट ३ इंच, वजन १०८ किलो. रोजचं खाणं म्हणजे साडेपाच लिटरहून जास्त दूध, एक कोंबडी, किलोभर मटण, अर्धा किलो लोणी, सहा अंडी, दोन प्लेट बिर्याणी. झोप नऊ तास, सराव सहा तास. वाचायला मजा येते. पण त्या मजकुरात एक आकडा मला कुठे सापडला नाही: तिकिटांच्या पैशातून तिच्या हातात किती पडत होते?

आणि ते लग्नाचं आव्हान पुन्हा एकदा वाचा. पुरुष पहिलवानाची कुस्ती लागते तेव्हा इनाम असतं गदा, फेटा, रोख रक्कम. इथे इनाम खुद्द बाईच होती. ती जिंकत राहिली म्हणून आपल्याला तो किस्सा रंगतदार वाटतो. तिच्या जागी आपली बहीण असती तर ते पोस्टर आपण कसं वाचलं असतं?

दगड आणि टोमणे

तिला होणारा विरोध लांबचा नव्हता, आपल्या महाराष्ट्रातलाच होता. पुण्यात रामचंद्र साळुंखे यांच्याशी ठरलेली तिची कुस्ती स्थानिक कुस्ती संघटनेच्या हरकतीमुळे रद्द झाली. कोल्हापुरात तिने पुरुष पहिलवानाला हरवल्यावर प्रेक्षकांनी तिची हुर्यो उडवली, दगड मारले. अखेर पोलिसांना मध्ये पडावं लागलं. रोनोजॉय सेन यांनी भारतीय खेळांच्या इतिहासावरच्या ‘नेशन ॲट प्ले’ या पुस्तकात तिच्या या दिवसांबद्दल लिहिलं आहे.

कुस्त्यांवर बंदी येते आहे अशी तक्रार तिने थेट मुख्यमंत्री मोरारजी देसाईंकडे केली. उत्तर आलं की बाई आहे म्हणून बंदी नाही. आयोजक तिच्यासमोर डमी पहिलवान उभे करतात अशा तक्रारी आहेत. थोडक्यात, नुरा कुश्ती. आरोप आयोजकांवर होता, पण कुस्त्या बुडाल्या तिच्या.

आज रिंगमधल्या बायकांनाही हेच ऐकावं लागतं: ‘सगळं आधी ठरलेलं असतं, यात कसलं दुःख?’ निकाल ठरलेला असतो, हे खरं. पण रिंगची जमीन म्हणजे लोखंडी पट्ट्यांवर टाकलेल्या फळ्या, वर पातळ गादी आणि कापड. तिच्यावर आठवड्यातून चार वेळा पाठीवर पडणाऱ्या माणसाची पाठ खरीच असते. मानही खरीच असते.

घरातला वार

१९५४ मध्येच मुंबईत हमीदाने रशियाच्या व्हेरा चिस्टिलिनला एका मिनिटाच्या आत हरवलं. लगेच तिने जाहीर केलं की आता युरोपात जाऊन लढणार. त्यानंतर कुस्तीच्या बातम्यांतून तिचं नाव जवळजवळ नाहीसं झालं.

काय झालं, ते तिच्या नातवाने पत्रकारांना सांगितलं. (तिने सांभाळलेल्या मुलाचा हा मुलगा.) तिने युरोपला जाऊ नये म्हणून सलाम पहिलवानांनी तिला काठ्यांनी मारलं, तिचे हात मोडले. कल्याणमधल्या एका जुन्या शेजाऱ्याने पायांबद्दल सांगितलं: तिला उभं राहता येत नव्हतं, पुढे बरं वाटलं, पण कितीतरी वर्षं काठीशिवाय नीट चालता येत नव्हतं.

सलाम तिचे वस्ताद होते, हे नक्की. ते तिचे नवरेही होते का? सलाम यांच्या मुलीने सांगितलं की लग्न झालं होतं आणि ती हमीदाला सावत्र आई मानायची. नातवाने ते नाकारलं. जिच्या लग्नाची पैज गावोगावच्या पोस्टरवर छापली गेली, तिचं स्वतःचं लग्न झालं होतं की नाही यावर तिच्याच माणसांचं एकमत नाही. एवढी ओळख आणि एवढं एकाकीपण.

नंतर सलाम अलीगढला गेले, हमीदा कल्याणलाच राहिली. दूध विकलं, खोल्या भाड्याने दिल्या. पैसे संपले की घरी केलेले खाण्याचे पदार्थ रस्त्याच्या कडेला बसून विकले. जिला बघायला २० हजार लोक जमले, तिच्याकडून खाऊ घेणाऱ्या किती जणांना ती कोण हे माहीत असेल?

ही सारी तिच्या माणसांनी सांगितलेली हकीगत आहे. कोर्टात सिद्ध झालेली नाही. पण कोर्टात जाणार कोण होतं? ज्या माणसाविरुद्ध तक्रार करायची तोच शिक्षक, तोच व्यवस्थापक, घरात कर्ताही तोच. माझ्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर एकाच माणसाकडे सगळे पासवर्ड. अशी सिस्टिम आज ना उद्या कोसळतेच आणि कोसळते ती ज्याच्याकडे एकही पासवर्ड नाही त्याच्यावर.

टीव्हीवरच्या बायका

माझ्या पिढीने हमीदाला पाहिलं नाही, पण चायनाला पाहिलं. केबलवर कुस्ती लागली की मोहल्ल्यातली आम्ही सगळी पोरं ज्याच्या घरी रंगीत टीव्ही त्याच्याकडे. जोनी लॉरर हे तिचं खरं नाव. १९९९ साली रॉयल रंबलमध्ये उतरलेली ती पहिली बाई. त्याच वर्षी पुरुषांना हरवून तिने इंटरकॉन्टिनेन्टल पट्टा जिंकला. आम्ही टाळ्याही वाजवायचो आणि ‘ही बाई आहे की पुरुष’ म्हणून खिदळायचोही. कोल्हापुरातले दगड आणि आमचं ते खिदळणं यांत फार अंतर नव्हतं, हे आता कळतं.

२००१ मध्ये ती कंपनीतून बाहेर पडली. पुढची वर्षं व्यसनाशी झगडण्यात गेली. एप्रिल २०१६ मध्ये ती घरात मृत सापडली. दारू आणि औषधं एकत्र झाली होती. वय ४६. कंपनीने तिला आपल्या मानाच्या यादीत घेतलं ते २०१९ साली, तेही एका गटाचा भाग म्हणून.

जपानची हाना किमुरा २२ वर्षांची होती. आईसुद्धा कुस्तीगीर. हाना एका रिॲलिटी कार्यक्रमात राहायला गेली. तिथे तिचा रिंगमधला पोशाख सोबत राहणाऱ्या मुलाच्या चुकीने धुण्यात खराब झाला आणि ती त्याच्यावर चिडली. एवढंच. त्या एका दृश्यानंतर तिच्या खात्यावर शिव्यांचा आणि ‘मरून जा’ म्हणणाऱ्यांचा पाऊस पडला. २३ मे २०२० रोजी तिने स्वतःचं आयुष्य संपवलं. शिव्या देणाऱ्यांपैकी एकाला पुढच्या वर्षी दंड झाला ९ हजार येन, म्हणजे आपले साधारण सहा हजार रुपये. तिच्या आईने लढा चालू ठेवला आणि २०२२ मध्ये जपानने कायदा बदलून अशा अपमानासाठी एक वर्षापर्यंत कैदेची तरतूद केली.

आणखी एक गोष्ट आयटीत काम करणाऱ्यांच्या लगेच लक्षात येईल. जगातली ही सर्वात मोठी कुस्ती कंपनी आपल्या पहिलवानांना कर्मचारी मानत नाही, स्वतंत्र कंत्राटदार मानते. कोणाशी लढायचं, कोणता पोशाख घालायचा, माइकवर काय बोलायचं, हे सगळं कंपनी ठरवणार. पण आरोग्य विमा तुमचा तुम्ही बघायचा. कंपनीच्या गेटवर वेगळ्या रंगाचं आयकार्ड गळ्यात घालून मी दोन वर्षं काढली आहेत. काम तेच, कॅन्टीन तेच. आजारी पडलो की मात्र आपण कुणाचेच नाही. माझं काम खुर्चीत बसून होतं. ज्यांचं शरीरच रोजचं भांडवल आहे त्यांचं काय होत असेल?

आपण काय बघतो?

आता आपल्याबद्दल. आपल्या समाजात अशी बाई समोर आली की दोनच गट पडतात. एक गट तिचे कपडे बघतो. ३१ ऑक्टोबर २०१९ रोजी रियाधमध्ये नताल्या आणि लेसी इव्हान्स यांची कुस्ती झाली. सौदीत बायकांची अशी ती पहिलीच कुस्ती. दोघींनी अंगभर पोशाख घातला होता. आमच्या ग्रुपवर दोन दिवस चर्चा झाली ती त्या पोशाखाची. त्याच वर्षी मलेशियात नूर डायना हिने हिजाब घालून पुरुष पहिलवानांना हरवलं आणि किताब जिंकला. तिच्याबद्दलही चर्चा एकच: हे जायज की नाजायज.

दुसरा गट माझ्यासारख्यांचा. आम्ही अभिमान बाळगतो. आम्हाला बाई हवी असते ती पुरावा म्हणून. दुसऱ्यांच्या तोंडावर फेकायला. पुराव्याला वेदना नसतात, म्हणून आम्ही हातांचा विषय निघाला की गप्प बसतो.

या गप्पपणाला एक कारण दिलं जातं आणि ते मी हलक्यात घेत नाही. ‘आधीच सगळे आपल्यावर बोटं दाखवायला टपलेले. त्यात आपल्या घरची गोष्ट आपणच चव्हाट्यावर आणायची?’ भीती खरी आहे. पण नीट बघा. चायना मुसलमान नव्हती, हाना नव्हती. २०२३ मध्ये दिल्लीला जंतरमंतरवर बसलेल्या ऑलिम्पिक पदकविजेत्या साक्षी मलिक आणि त्यांच्या मैत्रिणी नव्हत्या. (त्यांनी ज्यांच्यावर लैंगिक छळाचे आरोप केले, त्यांनी ते नाकारले आणि प्रकरण कोर्टात गेलं.) बाईच्या अंगावर कमाई करून तिच्या तोंडाला कुलूप लावण्याची रीत एकाच जमातीची नाही. कुलूप मात्र प्रत्येकाने आपापल्या दाराचं उघडायचं असतं. आणि ‘घर की बात’ म्हणून झाकल्याने बोटं दाखवणारे थांबले, असं आजवर एकदाही झालेलं नाही. फक्त हमीदा एकटी पडली.

आपल्याकडची दंगल

हे सगळं मुंबई-टोकियोचं आहे, वाशिमशी काय संबंध, असं वाटत असेल तर गेल्या हिवाळ्यातली गोष्ट सांगतो. आमच्या तालुक्यातल्या एका गावच्या यात्रेत कुस्त्यांची दंगल होती. आता मुलींच्याही कुस्त्या लावतात. त्यांना गर्दी जास्त होते. पंधरा-सोळा वर्षांची एक मुलगी दोन कुस्त्या जिंकली. दुसऱ्या कुस्तीत तिची बोटं मुरगळली होती. ती डाव्या हाताने उजवा हात धरून उभी होती. माइकवरून तिचं नाव पुकारलं गेलं, टाळ्या पडल्या आणि इनामाची पाकिटं तिच्यासोबत आलेल्या एका माणसाच्या हातात दिली गेली. तो बाप होता, काका होता की वस्ताद, मला माहीत नाही. त्याने तिच्या वतीने फेटाही बांधून घेतला. तिचा हात कुणी बघितला नाही. मीही मोबाइलवर व्हिडिओच काढत होतो.

तो माणूस भलाही असेल. बहुतेक असतात, पोरीला आखाड्यात घेऊन येणारा बाप या जिल्ह्यात सोपा नाही, त्याला मी सलामच करीन. पण मुलीचं भलं एका माणसाच्या स्वभावावर सोडून चालत नाही. हमीदालाही कुस्ती शिकवणारा आणि तिला देशभर नेणारा तोच माणूस होता.

म्हणून काही साध्या गोष्टी. बहीण, मुलगी, मैत्रीण खेळात असो, रिंगमध्ये असो, नाचगाण्यात असो की रील करून कमावत असो: पैसे तिच्या नावाच्या खात्यात जावेत आणि एटीएम कार्ड तिच्या पर्समध्ये असावं. करारावर सही करण्याआधी तो तिने स्वतः वाचावा. कळत नसेल तर आपल्यातल्या वकील पोरांनी समजावून सांगावा. दुखापत झाली तर खर्च कोणाचा, हे आखाड्यात उतरण्याआधी विचारावं. शिकवणारा, पैसे सांभाळणारा आणि घरचा कर्ता, ही तिन्ही कामं शक्यतो एकाच माणसाकडे नसावीत.

कायदाही माहीत करून घ्या. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा फक्त ऑफिसांसाठी नाही. त्यात क्रीडा संस्था, स्टेडियम, स्पर्धेची जागा हे सगळं ‘कामाचं ठिकाण’ धरलं आहे, आणि कंत्राटावर काम करणारी बाईसुद्धा त्यात येते. जिथे दहापेक्षा कमी माणसं काम करतात तिथल्या तक्रारीसाठी प्रत्येक जिल्ह्यात स्थानिक समिती असावी लागते. वाशिममध्येही. पण कागदावर असणं वेगळं: मे २०२३ मध्ये राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाने नोटिसा काढल्या, कारण देशातल्या ३० पैकी १५ क्रीडा महासंघांत नियमाप्रमाणे अंतर्गत समितीच नसल्याची बातमी आली होती. आपल्या तालुक्यातल्या आखाड्यात, अकादमीत, जिममध्ये ही समिती कुठे आहे, हे विचारायला पदवी लागत नाही.

आणि घरातल्या मारासाठी २००५ चा कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा कायदा आहे. त्यात मारहाणीसोबत पैशाची अडवणूकही हिंसा मानली आहे, आणि लग्नासारख्या नात्यातली बाईसुद्धा त्याचं संरक्षण मागू शकते. म्हणजे ‘लग्न झालं होतं की नाही’ हा वाद हमीदाच्या आड आला नसता. हा कायदा १९५४ साली नव्हता, आज आहे. महिला हेल्पलाइन १८१. मन फार खचलं असेल तर टेलि-मानस १४४१६. हे दोन नंबर मोबाइलमध्ये सेव्ह करा, मुलांनीसुद्धा.

माझ्यापुरतं सांगतो. त्या दिवशी संध्याकाळी मी फुफीच्या मुलीला फोन केला आणि म्हटलं, तुझं बरोबर होतं. ती म्हणाली, ‘भाईजान, मला नका सांगू. ग्रुपवर लिहा.’ लिहिलं. हमीदा कल्याणला कशी राहिली, तिच्या हातापायांबद्दल तिची माणसं काय सांगतात, सगळं. यावेळी अंगठे कमी आले. पण रात्री उशिरा एका नातेवाईक बाईने मला वेगळा, खासगी मेसेज केला. त्यात काय होतं ते मी इथे लिहिणार नाही. एवढंच सांगतो की तो कुस्तीबद्दल नव्हता, आणि दुसऱ्या दिवशी मी आणि फुफीची मुलगी तिच्या घरी जाऊन आलो.